जुना खेळ, नवे यंत्र आणि पडद्याची लुकलुक



व्याख्यानमालेच्या चिटणीसांनी मला विषय विचारला तेव्हा मी कामगार संहितांवर बोलेन अशी त्यांची समजूत होती. मी त्यांना म्हटले, त्यावर मी वर्षभर बोलतच असतो. यंदा मला संगणकावरच्या एका जुन्या खेळाचा पडदा लुकलुकतो का आणि ती लुकलुक थांबवावी कशी, ह्यावर बोलू द्या. चिटणीस हसले. त्यांना वाटले, मी थट्टा करतो आहे. परंतु गेल्या पावसाळ्यात ह्या लुकलुकीने माझे चार रविवार खाल्ले आहेत, आणि एका आईची काळजी तिच्यामागे होती. तेव्हा विषय पोरकट वाटला तरी आपण तो थोडा धीर धरून ऐकून घ्यावा, अशी माझी विनंती आहे.

आमच्या युनियनच्या कचेरीला लागून एक खोली आहे. सभासदांची मुले तेथे अभ्यासाला येतात आणि रविवारी दुपारी दोन तास खेळतात. तेथला जुना संगणक बंद पडला आणि एका सभासदाच्या भाच्याने त्याच्या मानाने बराच नवा, विंडोज १० असलेला संगणक आम्हांला देऊन टाकला. मुलांनी पहिल्याच रविवारी त्यावर आपला लाडका खेळ चढवला. खेळाचे नाव ‘एज ऑफ एम्पायर्स’, त्याचा दुसरा भाग, १९९९ सालचा. खेळ सुरू झाला. पण पडदा फडफडू लागला. बाणाची खूण क्षणात दिसे, क्षणात नाहीशी होई. यादीतली अक्षरे उमटत आणि पुसली जात. कधी सगळा पडदा काळा होऊन पुन्हा उजळे. आमच्या एका सभासदाच्या मुलीला लहानपणी दोनदा फिट येऊन गेली होती. तिची आई दारातून हे पाहत होती. ती म्हणाली, “भाऊ, असल्या लुकलुकीने फिट येते म्हणतात. पोरीला मी आत सोडायची नाही.” मुलगी बाहेर पायरीवर बसून राहिली.

बाईंची भीती खुळी नव्हती. १९९७ सालच्या १६ डिसेंबरला जपानमध्ये ‘पोकेमॉन’ नावाच्या चित्रमालिकेच्या एका भागात तांबडा आणि निळा रंग सेकंदाला सुमारे बारा वेळा आलटूनपालटून झळकले, आणि त्या संध्याकाळी सुमारे ६८५ लोकांना, त्यांत बहुतेक मुलेच, इस्पितळात न्यावे लागले. फिट येणाऱ्या सर्वांनाच प्रकाशाच्या लुकलुकीचा त्रास होतो असे नाही; तसा त्रास होणारे त्यांच्यांत थोडेच असतात. परंतु ज्यांना होतो त्यांना सेकंदाला तीनहून अधिक वेळा होणारी ठळक उघडझाप धोक्याची समजतात. म्हणून आता पडद्यावर काही दाखवणाऱ्यांनी ही तीनची मर्यादा पाळावी असे संकेत ठरलेले आहेत. आमच्या खोलीतला बाण सेकंदाला किती वेळा नाहीसा होत होता ते मी मोजले नाही, पण तीनहून जास्त वेळा खास.

आता लुकलुक म्हणजे काय, ते आधी पाहू. तरुणपणी मी फिटर म्हणून कारखान्यात काम केले आहे, तेव्हा मला ही गोष्ट लेथवरून समजली. आपल्या विजेचा प्रवाह सेकंदाला ५० आवर्तने करतो, आणि प्रत्येक आवर्तनात दोनदा शून्यावर येतो. म्हणून चोकवर चालणारी साधी ट्यूब सेकंदाला १०० वेळा मंद होते. आपल्याला ते कळत नाही. डोळा इतक्या जलद बदलाला सलग प्रकाश समजतो. पण तीन जबड्यांचा चक मिनिटाला २००० फेऱ्यांनी फिरत असेल, तर सेकंदाच्या शंभराव्या भागात तो बरोबर तिसरा हिस्सा फिरतो आणि एका जबड्याच्या जागी दुसरा येऊन उभा राहतो. परिणामी ट्यूबच्या उजेडात फिरता चक उभा आहे असा भास होतो. नवशिका पोरगा हात घालायला जातो. ह्यासाठीच शहाणा वायरमन शेजारशेजारच्या ट्यूबा वेगवेगळ्या फेजवर टाकतो, किंवा लेथवर तारेचा बल्ब लावतो. कारण तापलेली तार शंभराव्या भागात थंड होत नाही.

सांगायचा मुद्दा असा की आपण ज्याला सलग म्हणतो ते तुकड्यातुकड्यांचे असते. चित्रपटात सेकंदाला २४ चित्रे असतात, आणि तेवढ्याने डोळ्याला लुकलुक जाणवते म्हणून रिळाच्या यंत्रातली पाती प्रत्येक चित्र दोनदा दाखवून सेकंदाला ४८ झपके करीत असे. संगणकाचा पडदाही असाच, बहुधा सेकंदाला ६० वेळा नवे चित्र घेतो. हे तुकडे समान अंतराने आणि पुरेशा वेगाने आले, तर डोळा फसतो आणि आपण सुखी असतो. ते कमी पडले, वेळ चुकले, किंवा अर्धवट तयार झालेला तुकडाच आपल्यासमोर आला, तर लुकलुक. आमच्या खेळात बिघडले होते ते हे शेवटचे. पण तेथवर पोचायला मला वेळ लागला.

पहिला रविवार मी वाया घालवला. मी पडद्याची केबल बदलली, नंतर पडदाच दुसऱ्या खोलीतला आणून लावला. लुकलुक तशीच. सोमवारी दुकानदाराला विचारले. त्याने यंत्र न पाहताच सांगितले, “साहेब, ग्राफिक कार्ड गेले आहे, चार हजारांत नवे टाकून देतो.” चार हजार रुपये ही आमच्या खोलीची दोन महिन्यांची सगळी शिल्लक. मी पैसे दिले नाहीत ते शहाणपणामुळे नव्हे; खजिनदार गावाला गेले होते म्हणून. ह्याबद्दल मी त्यांचा आजन्म ऋणी आहे.

दुखणे कोठे आहे हे औषधाआधी ठरवायचे असते. त्यासाठी एक सोपी परीक्षा विंडोज बनवणारी मायक्रोसॉफ्ट कंपनी स्वतःच सांगते, आणि ती प्रत्येकाने लक्षात ठेवण्यासारखी आहे. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ह्या तीन कळा एकदम दाबल्या म्हणजे ‘टास्क मॅनेजर’ नावाची खिडकी उघडते. पडद्यावरच्या इतर गोष्टींबरोबर ही खिडकीही लुकलुकत असेल, तर दोष बहुधा ग्राफिक कार्डाला चालवणाऱ्या ड्रायव्हर नावाच्या प्रणालीत असतो. ती खिडकी स्थिर असून बाकीचे लुकलुकत असेल, तर दोष त्या विशिष्ट कार्यक्रमात. मी तिला आणखी एक जोड देतो: लुकलुक चालू असताना संगणकाकडूनच पडद्याचे चलच्चित्र नोंदवून घ्यावे आणि ते दुसऱ्या यंत्रावर पाहावे. नोंदीत लुकलुक उतरली, तर पडदा आणि केबल निर्दोष. कारण नोंद केबलच्या अलीकडेच होते. आमची टास्क मॅनेजरची खिडकी खडकासारखी स्थिर होती. त्या यंत्रावर दिवसभर हिशेब लिहिले, चित्रपट पाहिला, काही नाही. म्हणजे कार्ड मेले नव्हते. दुकानदाराचे चार हजार तेथेच वाचले.

मग खेळातच खोट होती काय? तसेही नाही. हाच खेळ आमच्या जुन्या संगणकावर वर्षानुवर्षे बिनतक्रार चालला होता. खेळ तोच, सीडी तीच. बदलले होते ते कामाचे ठिकाण. हे माझ्या ध्यानात आले तेव्हा मला मनापासून बरे वाटले, कारण ही भाषा मला कळते. नव्या यंत्रावर जुना कामगार अडखळला की व्यवस्थापन म्हणते, ह्याला काम येत नाही. पण तो ज्या रीतीने शिकला ती रीत त्या खात्यातून कधी काढून टाकली गेली, हे कोणी विचारत नाही.

ती जुनी रीत कोणती होती? हा खेळ अमेरिकेतल्या टेक्सास राज्यात एन्सेम्बल स्टुडिओज ह्या संस्थेत तयार झाला. त्याला लागे काय, तर १६६ मेगाहर्ट्‌झचा पेंटियम आणि ३२ मेगाबाइट स्मृती. आज खिशातल्या फोनला हे ऐकून हसू येईल. इतक्या थोड्या साधनांत शेकडो सैनिक, झाडे, किल्ले आणि पारशिकांचे हत्ती हलवायचे, म्हणजे काटकसर हवीच. काटकसर दोन ठिकाणी केली होती, आणि नव्या यंत्रावर घोटाळा झाला तो नेमका त्या दोन ठिकाणी.

पहिली काटकसर रंगांची. १०२४ गुणिले ७६८ अशा पडद्यावर ७,८६,४३२ ठिपके असतात. प्रत्येक ठिपक्याचा पूर्ण रंग लिहून ठेवायचा तर आजच्या रीतीने चार बाइट लागतात. म्हणजे एका चित्राला तीन मेगाबाइट. खेळाने एकच बाइट वापरला. एका बाइटमध्ये रंग मावत नाही, शून्यापासून २५५ पर्यंतचा क्रमांक मावतो. म्हणून खेळ २५६ डबे मांडून ठेवतो, कोणत्या डब्यात कोणता रंग ते एका तक्त्यात लिहितो, आणि चित्रात फक्त डब्यांचे क्रमांक भरतो. चित्र चौथ्या हिश्श्यात येते. युक्ती उत्तम आहे. पण तिच्यात एक मेख आहे. डब्यांतला रंग कोणी बदलला, तर चित्राला हात न लावता सगळे चित्र एका क्षणात बदलते. आणि त्या काळच्या यंत्रात हा तक्ता सगळ्यांत मिळून एकच असे.

आमच्या आधीच्या संगणकावर विंडोज ७ होती, तेव्हा ही मेख आम्ही भोगली होती, पण तिचे कारण कळले नव्हते. खेळ सुरू होताच गवत जांभळे आणि पाणी तांबडे दिसे. होई असे की खेळ आपला तक्ता मांडी, आणि विंडोजचा ‘एक्सप्लोरर’, म्हणजे खालची पट्टी आणि मेजावरच्या खुणा सांभाळणारा कार्यक्रम, मागे जागा असल्यामुळे मधेच आपला तक्ता पुढे सारी. एका हजेरीपटावर दोन मुकादम नावे लिहू लागले की जे होते तेच. मुलांनी त्यावर एक गावठी उपाय शोधला होता: टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर बंद करायचा, खेळायचे, नंतर पुन्हा सुरू करायचा. पडद्याचा आकार ठरवण्याची खिडकी मागे उघडी ठेवली तरी रंग जागेवर राहत. मला तो पोरांचा जंतरमंतर वाटे. प्रत्यक्षात तो जगभर वापरला जाणारा तोडगा होता, आणि एक्सप्लोरर बंद करण्यामागचे कारण तर सरळ होते: भांडणाऱ्यांपैकी एकाला घरी पाठवायचे.

दुसरी काटकसर चित्र रंगवण्याच्या रीतीत, आणि लुकलुकीचे मूळ तेथे आहे. नाटकात प्रवेश संपला की पडदा पडतो, मागे राजवाड्याचे अरण्य होते, मग पडदा उघडतो. प्रेक्षकांना खिळे ठोकणारा सुतार दिसत नाही. संगणकातही चांगली रीत अशीच आहे: दोन फळे ठेवावेत, एक लोकांसमोर, एक मागे; मागचा पुरा रंगला की दोघांची अदलाबदल करावी. पण दुसऱ्या फळ्याला स्मृती लागते आणि अदलाबदलीला वेळ. म्हणून जुने खेळ कित्येक बारीक कामे समोरच्याच फळ्यावर उरकून घेत. बाण हलला? जुन्या जागी पूर्वी जे होते ते परत रंगव, नव्या जागी बाण काढ. मधल्या क्षणी बाण कोठेच नसतो. ते त्या काळी खपून जाई, कारण १९९५ साली मायक्रोसॉफ्टनेच आणलेल्या ‘डायरेक्टड्रॉ’ ह्या सोयीमुळे खेळाला पडद्याच्या स्मृतीवर जवळजवळ सरळ हात ठेवता येई. काचेच्या नळीच्या पडद्यावर किरण वरून खाली उतरे आणि पुन्हा वर जाई. तो वर जात असतानाच्या फटीत आपले पुसणे-रंगवणे करून घ्यावे, ही कारागिरी होती.

विंडोज व्हिस्टा २००७ साली बाजारात आली तेव्हापासून मध्ये एक नवा अधिकारी बसला. तो प्रत्येक कार्यक्रमाचे चित्र वेगळे घेतो, सगळी एकावर एक रचतो, आणि रचलेले एकच चित्र पडद्याकडे पाठवतो. व्हिस्टात आणि विंडोज ७ मध्ये त्याला बाजूला करता येत असे. २०१२ च्या विंडोज ८ पासून तो कायमचा झाला. त्याच सुमारास एका बाइटच्या रंगांची रीतही खरीखुरी उरली नाही. जुन्या कार्यक्रमाला ती आहे असे भासवतात आणि आतून सगळे चार बाइटांत बदलून घेतात. म्हणजे बिचारा खेळ ज्याला पडदा समजून रंगवतो तो पडदा नसतोच. ती एक तोतया फळी असते. तिच्यावरचे चित्र अधिकारी आपल्या सवडीने उचलतो. बाण पुसला आणि अजून काढला नाही, नेमक्या त्या क्षणी त्याने चित्र उचलले, तर बिनबाणाचे चित्र पडद्यावर जाते आणि पुढचे येईपर्यंत, म्हणजे सेकंदाचा साठावा भाग, तेथेच राहते. अक्षरे काढण्यासाठी काही जुने खेळ विंडोजची आणखी एक वेगळी, त्याहूनही जुनी सोय वापरतात. मग एकाच फळीवर दोन रंगारी एकमेकांचे पुसत बसतात. ही आपली लुकलुक. यंत्र जुन्यापेक्षा दसपट वेगवान असूनही नव्हे, वेगवान असल्यामुळेच ती जास्त दिसते. कारण खेळ पुसण्या-रंगवण्याच्या जास्त फेऱ्या मारू शकतो.

उपाय काय केले ते आता सांगतो. खेळाच्या खुणेवर उजवी कळ दाबून ‘प्रॉपर्टीज’ आणि त्यात ‘कंपॅटिबिलिटी’ असे पान उघडते. तेथे कमी रंगांची, म्हणजे २५६ रंगांची रीत मागता येते, आणि विंडोज १० मध्ये पूर्ण पडद्यासाठी केलेली खास जुळवाजुळव बंद करता येते. दोन्ही चौकटींत खूण केली. पडदा काळा होणे थांबले, बाण मात्र पूर्ववत. (खेळाने आरंभी ‘डायरेक्टप्ले’ नावाचा जुना भाग बसवायला सांगितले होते, तो विंडोजच्या वैशिष्ट्यांच्या यादीत जुन्या घटकांखाली सापडतो. त्याचा लुकलुकीशी संबंध नाही, पण त्यावाचून खेळ चालत नाही, म्हणून सांगून ठेवले.)

खरा उपाय तिसऱ्या रविवारी सापडला. त्याला इंग्रजीत वेष्टन अशा अर्थाचा शब्द आहे. मी त्याला दुभाषा म्हणतो. ‘सीएनसी-डीड्रॉ’ हे त्याचे नाव. १९९५ सालच्या ‘कमांड अँड काँकर’ ह्या खेळासाठी काही हौशी जाणकारांनी तो लिहिला, आणि पुढे इतर कित्येक खेळांना तो चालू लागला. त्याची घडण अशी: खेळ सुरू होताना ‘डीड्रॉ डॉट डीएलएल’ नावाची फाइल मागतो, डायरेक्टड्रॉ तिच्यात असते. विंडोजचा नियम आहे की अशी फाइल आधी कार्यक्रमाच्या स्वतःच्या कप्प्यात शोधायची, तेथे नसेल तर विंडोजच्या कोठारात. दुभाषाची फाइल त्याच नावाची आहे. ती खेळाच्या कप्प्यात ठेवली की खेळ तिलाच खरी समजतो. खेळ जुन्या भाषेत बोलतो, दुभाषा निमूट ऐकतो. क्रमांकांचे चित्र आणि डब्यांचा तक्ता दोन्ही आपल्यापाशी ठेवतो, रंग भरण्याचे काम ग्राफिक कार्डाकडे देतो, मागच्या फळ्यावर चित्र तयार करतो आणि आपल्याला नेमून दिलेल्या वेळीच ते पुढे करतो. तक्ता आता खेळाचा एकट्याचा. एक्सप्लोररने भांडायचे म्हटले तरी त्याच्या हाती काही लागत नाही.

शेजारी एक साधी लिखित फाइल असते, तीत दुभाषाच्या अटी बदलता येतात. आम्ही दोनच बदलल्या: पडद्याच्या ठोक्याबरोबर चित्र द्यावे, आणि सेकंदाला ६० हून अधिक देऊ नये. खेळ एकाच प्रोसेसर-गाभ्यावर चालवण्याची अटही तीत आधीपासून होती. ती राहू दिली; कारण जुन्या काही खेळांना अनेक गाभ्यांवर वेळेचे भान राहत नाही. खेळ उघडला. बाण स्थिर. अक्षरे स्थिर. गवत हिरवे. मुलांनी असा आरडाओरडा केला की शेजारचे शिंपी दुकान सोडून आले.

ह्याची किंमत काहीच नाही, असे मात्र मी म्हणणार नाही. पडद्याच्या ठोक्याची वाट पाहायची म्हणजे चित्र एखाद्या ठोक्याने मागे राहते. एक ठोका १६.७ मिलिसेकंदांचा. चलाख मुलांना माउस ‘जड’ झाल्याचे जाणवले. शिवाय, विंडोज आधी कार्यक्रमाच्या कप्प्यात पाहते, हे ज्या दारातून दुभाषा आत आला ते दार दुष्ट कार्यक्रमांनाही माहीत आहे. म्हणून अशी फाइल ज्यांनी ती लिहिली त्यांच्याच ठिकाणाहून घ्यावी, कोणा मित्राच्या पेन ड्राइव्हवरून नव्हे. ह्या दुभाषाचा मूळ लेख उघडा आहे, कोणीही वाचावा, बदलावा, वाटावा अशी मुभा आहे. आणि नको वाटला तर ती फाइल काढून टाकली की खेळ पूर्वी होता तसा. विंडोजच्या कोठारात आपण हात घातलेलाच नसतो.

येथे मला थोडे विषयांतर करू द्या. हा खेळ ज्यांनी घडवला त्या एन्सेम्बल संस्थेला मायक्रोसॉफ्टने २००१ साली विकत घेतले आणि २००९ साली बंद केले. म्हणजे, “अहो, तुम्ही बाण समोरच्या फळ्यावर का काढलात?” असे विचारायला आज ते खातेच जागेवर नाही. मालकाने खेळाची नवी आवृत्ती २०१३ मध्ये आणि त्याहून देखणी २०१९ मध्ये विक्रीला काढली. ती वाईट आहे असे मी म्हणत नाही. तिच्यासाठीही माणसांनी घाम गाळला आहे आणि त्यांना वेतन मिळायलाच हवे. पण जुना खेळ २०० मेगाबाइटांत मावे. नव्याला कित्येक गिगाबाइट लागतात आणि त्या मानाचे यंत्र लागते. ज्याच्याकडे दान मिळालेला संगणक आहे त्याचे काम जुन्यावाचून भागत नाही. ते भागवतात कोण, तर हे बिनपगारी हौशी लोक, रात्री जागून. आमच्या चळवळीत आम्ही फुकट श्रमाला विरोध करतो. तेव्हा ह्यांना नमस्कार करताना मला थोडे अवघडल्यासारखे होते. दुरुस्तीची जबाबदारी विकणाऱ्याने किती वर्षे घ्यायची, हा प्रश्न पंख्याला आणि ट्रॅक्टरला जसा लागू आहे तसा ह्यालाही लागू आहे. अनेक जुन्या सीडींवर ‘सेफडिस्क’ नावाचे कुलूप होते. विंडोज १० आली तेव्हा, २०१५ मध्ये, त्या कुलपाची यंत्रणाच विंडोजने चालवणे बंद केले. पैसे मोजून घेतलेली सीडी हातात आणि दार बंद! कुलूप लावणारा आणि किल्ली मोडणारा ह्यांपैकी कोणीही ग्राहकाच्या घरी आला नाही.

आणि खेळाबद्दलही एक तक्रार नोंदवून ठेवतो. त्यात गावकरी लाकूड तोडतात, शेती करतात, खाणीत सोने खणतात. न जेवता, न झोपता. ह्या दुसऱ्या भागात एक नवे बटण दिले आहे: ते दाबले की रिकामा बसलेला गावकरी कोठे आहे ते लगेच दाखवते. ते पाहून मला आमचे एक जुने टाइमकीपर आठवले. मुलांना मी म्हटले, गावकऱ्यांची युनियन काढण्याचे बटण कोणते? त्यांनी शोधले; नाही.

सगळीच लुकलुक अशी नसते, हे सांगितले पाहिजे, नाही तर उद्या आपण प्रत्येक खेळात ही एकच फाइल टाकाल. तीन मितींच्या खेळांत लांबची भिंत किंवा रस्त्यावरचे पट्टे कॅमेरा हलताच थरथरतात. तेथे भांडण अंतराचे असते. यंत्र प्रत्येक ठिपक्याचे अंतर क्रमांकात लिहिते. १६ बिटांत लिहिले तर क्रमांक ६५,५३६, आणि त्यांतले निम्मे तर अगदी जवळच्या पट्ट्यात संपतात. सर्वांत जवळची मर्यादा एक हात धरली असेल, तर एका हातापासून दोन हातांपर्यंतच अर्धा साठा खर्च! दूरच्या रस्त्याला आणि त्यावरच्या पट्ट्याला मग एकच क्रमांक येतो, आणि पुढे कोण हे प्रत्येक चित्रात नव्याने ठरते. तेथे २४ बिटांचे अंतर मागणारा दुभाषा लागतो, किंवा जवळची मर्यादा थोडी पुढे ढकलावी लागते. काही नव्या पडद्यांचा ठोका खेळाच्या वेगाप्रमाणे कमीजास्त होतो. खेळ अडखळत चालला की त्यांची उजळी हलते. तेथे ती सोय त्या खेळापुरती बंद करावी. आणि काही पडदे मंद केले की मागचा दिवाच चालू-बंद करून उजेड कमी करतात. ज्यांचे डोळे दुखतात त्यांनी पडदा पूर्ण उजळ ठेवून पाहावा. दुखणे थांबले तर दोष खेळाचा नाही.

आता ती मुलगी. पडदा स्थिर झाला म्हणून मी तिच्या आईला “आता पाठवा” असे सांगितले नाही. तो अधिकार माझा नव्हे. मी म्हटले, डॉक्टरांना विचारा. मेंदूचा आलेख काढताना ते दिव्याची उघडझाप करून पाहतात, त्यावरून ह्या मुलीला प्रकाशाचा त्रास आहे की नाही ते कळते. आलेख निघाला, तसा त्रास नाही असे डॉक्टरांनी सांगितले, तरी पडद्यापासून अंतर ठेवावे, खोलीत उजेड असावा आणि जागरण टाळावे, असेही बजावले. पुढच्या रविवारी बाई मुलीला घेऊन आल्या, उंबऱ्यात उभ्या राहिल्या, आधी पडदा पाहिला, मग वर पाहिले. वर आमची जुनी ट्यूब होती, दोन्ही टोकांना काळी पडलेली आणि वर्षभर फडफडणारी. आम्हां कोणाला ती दिसलीच नव्हती. बाई म्हणाल्या, “आणि हिचं काय, भाऊ?” मी एका मुलाला नाक्यावर पिटाळले. नवी ट्यूब आणि स्टार्टर येईपर्यंत ती मुलगी पायरीवर थांबली, आणि मग आत येऊन तिने पारशिकांचे हत्ती निवडले.